अंगझडतीत तिकीट मिळून आले नाही

लोहमार्ग पोलिसांच्या पंचनाम्यात एक ठरलेला मजकूर असतो. मयताच्या अंगावर कोणते कपडे होते, हातावर गोंदण होते का, आणि मग अंगझडतीत काय काय मिळाले. रुमाल, कंगवा, किल्ल्यांचा जुडगा, जेवणाचा डबा, सत्तर-ऐंशी रुपये रोख. एका वकील मित्राच्या कचेरीत बसून मी असे पंधरा-वीस पंचनामे ओळीने वाचले. तेव्हा लक्षात आले, की या यादीतली एकच वस्तू पुढे कित्येक वर्षे त्या कुटुंबाचा पाठलाग करते. ती म्हणजे रेल्वेचे तिकीट. मिळाले असेल तर त्याच्या नंबरासह एक ओळ. आणि नसेल तरीही एक ओळ : अंगझडतीत तिकीट मिळून आले नाही.

या एका ओळीला एवढे वजन कसे आले, याचा इतिहास जवळजवळ दोनशे वर्षांचा आहे. तो इंजिनासारखाच इंग्लंडहून बोटीने आपल्याकडे आला, म्हणून सुरुवात तिथूनच करावी लागते.

इंग्रजी कायद्याचा एक जुना दंडक होता. माणूस गेला, की त्याचा दावाही त्याच्याबरोबर गेला. ज्याने हाडे मोडली त्याच्याकडून भरपाई मागता येई, पण हाडे मोडलेला माणूस जिवंत असेल तर. १८०८ साली एक खटला उभा राहिला. घोड्यांची प्रवासी गाडी उलटली होती, आत नवरा-बायको होते आणि बायको महिनाभराने वारली. न्यायाधीश लॉर्ड एलनबरो यांनी नवऱ्याला त्याच्या स्वतःच्या दुखापतीबद्दल भरपाई मिळू दिली. पत्नी अंथरुणाला खिळून होती, त्या महिन्याबद्दलही मिळू दिली. तिच्या मृत्यूनंतरच्या काळाबद्दल मात्र काही नाही. माणसाचा मृत्यू ही दिवाणी न्यायालयाच्या दृष्टीने नुकसानीत धरण्याजोगी गोष्टच नव्हती. म्हणजे गाडीच्या मालकाला प्रवासी जखमी करणे महाग पडे आणि ठार करणे फुकट!

याच कायद्यात दुसरी एक विचित्र प्रथा होती. ज्या वस्तूमुळे माणूस मेला, ती वस्तू किंवा तिची किंमत सरकारजमा करायची. बैलाने मारले तर बैल, गाडीचे चाक अंगावरून गेले तर चाक. मूळ कल्पना अशी, की ती वस्तू देवाला वाहायची. त्यासाठी जो लॅटिन शब्द होता, त्याचा अर्थही तोच. रेल्वे आली तेव्हा ही मध्ययुगीन प्रथा अडगळीत पडल्यासारखी होती, पण ज्यूरींनी ती बाहेर काढली. २४ डिसेंबर १८४१ च्या पहाटे लंडनच्या पश्चिमेला सॉनिंग येथे दरड रुळांवर आली होती. ग्रेट वेस्टर्न कंपनीची गाडी तिच्यावर आदळली. उघड्या मालडब्यांसारख्या डब्यांत नाताळसाठी घरी निघालेले कामकरी बसले होते, त्यांतले नऊ जण दगावले. ज्यूरीने इंजिन आणि डब्यांवर एक हजार पौंडांचा आकार बसवला. कंपन्या हादरल्या. पण गंमत पाहा, हे पैसे जायचे राजाच्या खजिन्यात. विधवेच्या पदरात त्यातले काही पडायचे नाही.

१८४६ मध्ये लॉर्ड कॅम्बेल यांच्या पुढाकाराने ब्रिटिश पार्लमेंटने दोन कायदे एकाच वर्षी केले. एकाने ती देवाला वाहण्याची प्रथा रद्द केली आणि दुसऱ्याने मृताच्या कुटुंबाला भरपाई मागण्याचा हक्क दिला. मला यात सौद्याचा वास येतो. कंपन्यांच्या इंजिनावरचा दंड गेला आणि त्याच्या बदल्यात विधवेला कोर्टाची पायरी मिळाली. तीही फार उंच. आधी कंपनीची चूक सिद्ध करायची, आणि १८५२ मध्ये एका विधवेच्या खटल्यात असे ठरले, की भरपाई फक्त पैशाच्या नुकसानीची मिळेल, दुःखाची नाही. मेलेला माणूस घरात किती आणत होता, एवढाच प्रश्न.

तोवर आपल्याकडे रूळ पडू लागले होते. १६ एप्रिल १८५३ ला बोरीबंदरहून ठाण्याला पहिली गाडी धावली आणि त्यानंतर दोन वर्षे पुरी व्हायच्या आत, मार्च १८५५ मध्ये, कलकत्त्याच्या विधिमंडळाने अपघाती मृत्यूंच्या भरपाईचा कायदा केला. तो जवळजवळ इंग्रजी कायद्याचीच नक्कल होता. पत्नी, पती, आईवडील, मुले एवढ्यांसाठीच भरपाई. एकत्र कुटुंबातला धाकटा भाऊ, माहेरी परतलेली विधवा बहीण, यांचा त्यात पत्ताच नव्हता. लंडनच्या वकिलाला जे कुटुंब दिसत होते, ते कायद्यात आले. (याच सुमारास बोरघाटात बोगदे खणताना पटकीने आणि दरडींखाली हजारो मजूर मेले. ते प्रवासी नव्हते. तो वेगळा विषय आहे, पण पुण्याहून मुंबईला जाताना आठवल्याशिवाय राहत नाही.)

१८५५ च्या कायद्याने वाट मिळाली खरी, पण त्या वाटेने किती जण जाऊ शकणार? गार्डाची डायरी, सिग्नलच्या नोंदी, इंजिनाच्या दुरुस्तीचे रजिस्टर हे सगळे कंपनीच्या कपाटात. चूक कंपनीची होती, हे तिच्याच कागदांवरून सिद्ध करायचे आणि ते कागद तिच्याकडूनच मागायचे. पुढे एकेक कंपनी सरकारकडे आली. आपली जीआयपी १९२५ मध्ये आली. तेव्हापासून समोर कंपनीऐवजी खुद्द सरकार उभे राहिले.

या गाडीला पहिले मोठे वळण १९४३ मध्ये मिळाले. रेल्वे कायद्यात दुरुस्ती होऊन असे ठरले, की गाड्यांची टक्कर झाली किंवा गाडी रुळांवरून घसरली, तर रेल्वेची चूक असो वा नसो, प्रवाशाच्या वारसांना भरपाई द्यायची. कमाल मर्यादा दहा हजार रुपये. रक्कम तशी बेताचीच होती, पण तत्त्व क्रांतिकारक होते. प्रवाशाने स्वतःला गाडीच्या हवाली केले आहे, गाडीवर त्याचा कसलाही ताबा नाही, मग चूक कोणाची हे शोधण्याचा भार त्याच्या बायकामुलांवर कशाला? आज आपल्याला हे सरळ वाटते. ते मान्य व्हायला ९० वर्षे लागली.

तरीही एक मोठी फट राहिली होती आणि मुंबईकरांना ती सर्वांत आधी कळली असणार. कायदा बोलत होता तो गाडीच्या अपघाताबद्दल. गाडी सुखरूप पोहोचली आणि फक्त एक माणूस तिच्यातून पडला, तर? सकाळच्या लोकलच्या दारात लटकणारा एखादा माणूस मुंब्र्याच्या वळणावर हात सुटून खाली गेला, तर गाडी वेळेवर व्हीटीला पोहोचे आणि कागदोपत्री गाडीला काहीच झालेले नसे. या मरणाला कायद्यात नावच नव्हते.

१९८७ मध्ये रेल्वे दावा न्यायाधिकरणाचा कायदा झाला आणि नोव्हेंबर १९८९ पासून त्याची खंडपीठे काम करू लागली. आपल्या राज्यात मुंबईला आणि नागपूरला खंडपीठ आहे. १८९० चा जुना रेल्वे कायदा जाऊन १९८९ चा नवा आला. पण ती फट बुजली १९९४ मध्ये. त्या वर्षी कलम १२४-अ घातले गेले आणि १ ऑगस्टपासून अमलात आले. रेल्वेच्या भाषेत त्याला ‘अनटोवर्ड इन्सिडंट’ म्हणतात, मराठीत अनुचित घटना म्हणू. गाडीत किंवा स्टेशनच्या आवारात झालेला दहशतवादी हल्ला, दरोडा, दंगल, गोळीबार, जाळपोळ हे सगळे त्यात आले. आणि शेवटी एक साधी ओळ आली : प्रवासी गाडीतून प्रवाशाचे अपघाताने पडणे. मुंबईतल्या हजारो घरांसाठी कायद्याची तीच ओळ महत्त्वाची आहे.

अपवादही लिहिले आहेत. आत्महत्या किंवा तिचा प्रयत्न, स्वतः करून घेतलेली इजा, स्वतःचे गुन्हेगारी कृत्य, दारूच्या नशेत किंवा वेडाच्या भरात केलेले कृत्य, आणि नैसर्गिक कारण किंवा आजार. यांतले काही नसेल तर भरपाई देणे आहे. या यादीत निष्काळजीपणा नाही, हे लक्षात ठेवा. पुढे त्यावरूनच वर्षानुवर्षे भांडण झाले.

वारसांची यादीही आता आपल्या घरासारखी दिसते. पती-पत्नी, मुले, आईवडील हे आहेतच, पण मृतावर अवलंबून असतील तर अल्पवयीन भाऊ, अविवाहित बहीण, विधवा बहीण, विधवा सून, आधीच वारलेल्या मुलाची लहान मुले हीही आहेत. पूर्णपणे त्याच्यावर अवलंबून असलेले आजी-आजोबाही आहेत. १८५५ च्या कायद्यात ज्या विधवा बहिणीला जागा नव्हती, ती एकशे चौतीस वर्षांनी त्यात आली. कायद्याची कलमे वाचून सहसा कोणाचे मन भरून येत नाही. माझे हे कलम वाचताना आले.

रेल्वेचा बचाव मात्र ठरलेला असे. हा माणूस दारात उभा होता, चालत्या गाडीत चढत होता, म्हणजे त्याने इजा स्वतःच ओढवून घेतली. केरळात चालत्या गाडीत चढताना पडून मृत्यू पावलेल्या एका स्त्रीचे प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. २००८ मध्ये न्यायालयाने सांगितले, की गाडीत चढताना पडणे हेही गाडीतून पडणेच आहे. कल्याणासाठी केलेल्या कायद्याचा अर्थ संकुचित करायचा नसतो. इथे दोषाचा प्रश्नच येत नाही, ही कडक जबाबदारी आहे. २०१० मध्ये उघड्या दारात उभे असताना पडलेल्या प्रवाशाच्या प्रकरणात न्यायालयाने आणखी स्पष्ट केले, की निष्काळजीपणा म्हणजे गुन्हेगारी कृत्य नव्हे आणि स्वतः करून घेतलेली इजाही नव्हे. इजा करून घेण्याचा इरादा असावा लागतो. सकाळी आठ बाराच्या लोकलला लटकणाऱ्याचा इरादा एवढाच असतो, की मस्टरवर लाल शेरा पडू नये.

पायरीवर किंवा टपावर उभे राहून प्रवास करणे हा रेल्वे कायद्याने गुन्हा आहे, असे यावर कोणी म्हणेल. खरे आहे. पण ते कलम नीट वाचा. कर्मचाऱ्याने मनाई केल्यावरही तसाच प्रवास चालू ठेवला, तर तो गुन्हा. सकाळच्या कुर्ल्याला कोण कोणाला मनाई करणार? मनाई ऐकू तरी येईल का? डिसेंबर २०२५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयापुढे २००५ सालच्या एका मृत्यूचे प्रकरण होते. भाईंदरहून मरीन लाइन्सला निघालेला प्रवासी गर्दीच्या लोकलमधून पडला होता. गर्दीच्या वेळी दारात उभे राहण्यावाचून प्रवाशाला गत्यंतर नसते, त्याला निष्काळजीपणा म्हणता येणार नाही, असे न्यायालयाने म्हटले. मृत्यू २००५ चा आणि रेल्वेच्या अपिलाचा निकाल २०२५ चा. मधली २० वर्षे मोजा.

याच प्रकरणात पासचाही प्रश्न होता आणि इथे आपण पुन्हा त्या पंचनाम्यावर येतो. दोषाचा मुद्दा निकालात निघाला, तेव्हा सगळी लढाई एका प्रश्नावर येऊन थांबली : मृत माणूस ‘बोनाफाईड पॅसेंजर’ होता का? कायद्याच्या स्पष्टीकरणाप्रमाणे प्रवासी म्हणजे ज्याच्याकडे वैध तिकीट, निदान प्लॅटफॉर्म तिकीट आहे तो. जिवंत माणसाला टीसीने पकडले तर त्याला खिसा उलटा करून दाखवता येतो. मेलेल्याचा खिसा दुसरेच कोणी तपासते. तिकीट म्हणजे दोन बोटांएवढा कागद. माणूस रुळांवर पडतो, शर्ट फाटतो, पाऊस असतो, रक्त असते. जखमीला उचलून नेणारे हमाल आणि स्ट्रेचरवाले त्याचा जीव बघतील की कागद? मग रुग्णालयात कपडे कापून काढतात. त्यानंतर केव्हातरी पंचनामा होतो.

आणि हल्ली तिकीट मोबाइलवर असते. फोन रुळांवर पडून चक्काचूर झाला किंवा कोणी उचलून नेला, की तिकीटही गेले. त्याची नोंद रेल्वेच्याच संगणकात असते, ही गोष्ट वेगळी.

दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. खोटे दावे होतात. रूळ ओलांडताना गाडीखाली आलेल्याला गाडीतून पडला म्हणून दाखवले जाते, मिळालेली रक्कम मधल्या माणसांच्या खिशात जाते. रेल्वेच्या वकिलांचा संशय हा सगळाच दुष्टपणा नाही. पैसा जनतेचाच आहे.

या दोन्ही टोकांमध्ये सर्वोच्च न्यायालयाने मे २०१८ मध्ये एक रेघ आखली. मृताजवळ तिकीट सापडले नाही, एवढ्यावरून तो प्रवासी नव्हता असे ठरत नाही. तसेच रुळांजवळ मृतदेह सापडला, एवढ्यावरून तो प्रवासी होता असेही ठरत नाही. वारसांनी प्रतिज्ञापत्रावर वस्तुस्थिती मांडावी. ती मांडली, की उलट सिद्ध करण्याचे ओझे रेल्वेवर. हे वाचायला साधे वाटते, पण १८५५ पासून कुटुंबाच्या खांद्यावर असलेले ओझे इथे प्रतिज्ञापत्राच्या एका कागदावर उतरवून ठेवले आहे. ऑक्टोबर २०२५ मध्ये इंदूरहून उज्जैनला निघालेल्या एका प्रवाशाच्या मृत्यूत न्यायालयाने हेच तत्त्व लावले. जप्तीच्या यादीत तिकीट नसले, तरी तिकीट विकले गेल्याचा पुरावा चौकशीतून मिळत असेल, तर तो पुरे.

रकमेचेही थोडे सांगतो, कारण त्यात लोकांचा घोटाळा होतो. मृत्यूची भरपाई १९९० च्या नियमांत दोन लाख होती. नोव्हेंबर १९९७ पासून चार लाख झाली आणि १ जानेवारी २०१७ पासून आठ लाख. अपघात चार लाखांच्या काळातला आणि निकाल आठ लाखांच्या काळातला असेल, तर काय? चार लाखांवर अपघाताच्या तारखेपासून व्याज धरून जी रक्कम येईल ती आणि निकालाच्या दिवशीची रक्कम, यांतली जास्त असेल ती द्यायची, असे २०१८ च्या त्याच निकालाने ठरवले. मोठ्या अपघातानंतर दूरदर्शनवर जाहीर होते ते सानुग्रह अनुदान. ते वेगळे. सप्टेंबर २०२३ पासून गाडीच्या अपघातातल्या मृत्यूसाठी ते पाच लाख आहे आणि अनुचित घटनेतल्या मृत्यूसाठी दीड लाख. न्यायाधिकरणाच्या आठ लाखांत टक्कर आणि गाडीतून पडणे यांत भेद नाही. अनुदानात मात्र तो आहे. शंभर माणसे एकदम मेली तर बातमी होते आणि एकेकटी मेली तर दैनंदिनी होते, त्याचा हा हिशेब असावा.

आणि या सगळ्याच्या बाहेर राहिलेले बरेच आहेत. डॉ. अनिल काकोडकर यांच्या अध्यक्षतेखालील रेल्वे सुरक्षा समितीने २०१२ मध्ये नोंदवले होते, की देशात वर्षाला सुमारे १५ हजार माणसे रूळ ओलांडताना मरतात आणि त्यांतली सहा हजार एकट्या मुंबई उपनगरी मार्गावर. कायद्याच्या लेखी हे अतिक्रमण करणारे. त्यांच्या घरच्यांना या कलमाखाली काही नाही. पलीकडे जायला पूल नव्हता, किंवा होता तो अर्धा मैल लांब होता, हे कलमात बसत नाही.

दावा घटनेपासून एका वर्षाच्या आत दाखल करावा लागतो. सबळ कारण दिले तर उशीर माफ होतो. घरात कर्ता माणूस गेल्यावर पहिले वर्ष कसे जाते ते ज्याच्यावर वेळ आली त्यालाच माहीत, पण स्टेशन मास्तरांचा मेमो, पंचनामा, शवविच्छेदनाचा अहवाल यांच्या नकला त्याच वर्षात मिळवाव्या लागतात. रेल्वेनेही स्वतःची चौकशी करून विभागीय व्यवस्थापकाचा अहवाल द्यायचा, असा २००३ पासून नियम आहे. पूर्वी कंपनीच्या कपाटात असलेले कागद आता निदान फाइलीत येतात.

अशाच एका खंडपीठाच्या व्हरांड्यात, तारखेची वाट बघत बसलेल्या एका बाई मला भेटल्या. कसाऱ्याकडच्या होत्या. मांडीवर प्लास्टिकची पिशवी, तिच्यात वर्तमानपत्राची घडी आणि घडीत नवऱ्याचा तिमाही पास. त्या दिवशी तो घरीच, दुसऱ्या शर्टाच्या खिशात राहिला होता. मी वकील असावा असे त्यांना वाटले. पास माझ्यापुढे धरून त्यांनी विचारले, “साहेब, याची मुदत कधीच संपली. चालंल का?”

“ते वारले त्या दिवशी चालू होता ना?” मी विचारले.

त्यांनी तारीख बोटाने दाखवली. पाच दिवस शिल्लक होते.

“मग चालेल,” मी म्हणालो. त्यांनी पास पुन्हा घडीत ठेवला आणि पिशवीला गाठ मारली.